अणुरॉकेट जमिनीवर चालले, मग आकाशात का गेले नाही?

आपला प्रश्न दुपदरी आहे. अमेरिकेने १९६०च्या दशकात अणुभट्टीवर चालणारी रॉकेट इंजिने नेवाडाच्या वाळवंटात चालवून दाखवली होती, तर त्यांच्या बळावर आजतागायत एकही यान का उडाले नाही, हा त्याचा एक पदर. यानाच्या मागे अणुबॉम्ब फोडून त्याला पुढे रेटण्याची ‘ओरायन’ ही योजना शास्त्रज्ञांनी खरोखर गांभीर्याने घेतली होती का, हा दुसरा. माझी सगळी नोकरी अणुभट्टीच्या इंधनातून उष्णता बाहेर काढण्याच्या कामात गेली. रॉकेट मी बांधलेले नाही. परंतु ज्या अडचणींनी ही इंजिने बांधणाऱ्यांची झोप उडवली, त्यांतील बऱ्याच माझ्या रोजच्या परिचयाच्या आहेत, आणि या विषयाने मला अनेक वर्षे धरून ठेवले आहे.

उत्तराचा गाभा आधी सांगतो. ही इंजिने तांत्रिकदृष्ट्या फसली, असे जे सर्रास सांगितले जाते ते बरोबर नाही. भौतिकशास्त्राच्या कसोटीला ती उतरली आणि अभियांत्रिकीच्या कसोटीलाही बऱ्याच अंशी उतरली. मात्र ज्या प्रवासासाठी ती घडवली जात होती तो मंगळाचा प्रवासच रद्द झाला, आणि त्याहून जवळच्या कोणत्याही प्रवासाचे त्यांच्यावाचून अडत नव्हते. ओरायनची गोष्ट थोडी वेगळी आहे. तिला कराराने थांबवले, आणि तो करार व्हावा असे तिच्या सर्वांत बुद्धिमान शिलेदारालाही वाटत होते.

एक गल्लत सुरुवातीलाच दूर करायला हवी. १९७७ मध्ये निघालेली दोन्ही व्हॉयेजर याने ‘अणुशक्तीवर चालतात’ असे म्हटले जाते, पण तिथे प्लुटोनियम-२३८ च्या नैसर्गिक ऱ्हासातून निघणाऱ्या उष्णतेपासून फक्त वीज तयार होते. त्या विजेवर उपकरणे आणि रेडिओ चालतात, यान पुढे ढकलले जात नाही. आपल्याकडे चांद्रयान-३ च्या प्रणोदन विभागावर भाभा अणुसंशोधन केंद्राने दिलेले प्रत्येकी एक वॉटचे दोन उष्णता देणारे नग होते. तेही उपकरणे उबदार ठेवण्याचेच साधन होते. येथे चर्चा आहे ती प्रणोदनाची, म्हणजे अणूतील ऊर्जा वापरून यानाला वेग देण्याची.

या साऱ्या खटाटोपामागचे कारण एका लहान हिशेबात दिसते. रॉकेट मागे वायू फेकते आणि स्वतः पुढे जाते. तो वायू जितक्या वेगाने बाहेर पडेल तितके इंधन कमी लागते, आणि हे नाते सरळ प्रमाणाचे नसून घातांकी आहे. समजा यानाचा वेग सेकंदाला ९ किलोमीटरने वाढवायचा आहे. हायड्रोजन आणि ऑक्सिजन जाळणाऱ्या उत्तम रासायनिक इंजिनातून वायू सेकंदाला सुमारे साडेचार किलोमीटर वेगाने बाहेर पडतो. अशा वेळी निघताना १०० टन असलेल्या यानाचे अखेरीस साडेतेरा टन उरतात. वायूचा वेग दुप्पट, म्हणजे ९ किलोमीटर केला, तर ३७ टन उरतात. मंगळावर माणसे पाठवून परत आणायची असतील, तर या दोन आकड्यांमधला फरक म्हणजे पृथ्वीच्या कक्षेत किती अवजड रॉकेटे किती वेळा पाठवावी लागतील याचा फरक आहे.

येथे एक गोष्ट बहुतेकांना चकित करते. एक किलो युरेनियम-२३५ चे पूर्ण विखंडन झाले, म्हणजे त्याची सगळी अणुकेंद्रे फुटली, तर मिळणारी ऊर्जा एक किलो हायड्रोजन-ऑक्सिजन मिश्रणाच्या काही दशलक्ष पट असते. मग वेग केवळ दुप्पटच का? कारण ती ऊर्जा वायूत ओतण्यासाठी मध्ये एक घन भिंत आहे, आणि ती भिंत वितळून चालत नाही. भट्टीचे इंधन स्वतः सर्वांत तप्त असते व वायू त्याला चाटून जाताना तापतो, त्यामुळे वायूचे तापमान इंधनाच्या सहनशक्तीपलीकडे जाऊ शकत नाही. उलट रासायनिक इंजिनात वायू स्वतःच जळतो आणि भिंतीला थंड ठेवता येते, म्हणून त्याच्या ज्वलनकक्षाचे तापमान अणुइंजिनापेक्षा जास्तच असते. अणुइंजिनाची खरी सरशी तापमानात नाही, वायूच्या निवडीत आहे. जाळण्यासाठी ऑक्सिजनची गरज नसल्याने शुद्ध हायड्रोजन वापरता येतो. पाण्याच्या वाफेचा रेणुभार १८, हायड्रोजनचा २. आणि त्याच तापमानाला हलका रेणू अधिक वेगाने धावतो. अणुरॉकेटचा सारा इतिहास मी या एका वाक्यात बसवतो: हायड्रोजन शक्य तितका तापवायचा, आणि तापवणाऱ्या वस्तूला त्यातून जिवंत राहू द्यायचे.

कल्पना मात्र विखंडनाच्या शोधाहूनही जुनी आहे. १९१२ मध्ये फ्रान्सच्या रोबेर एस्नो-पेल्तरी यांनी रेडियमची ऊर्जा अंतराळप्रवासाला वापरता आली तर काय होईल, याचा विचार मांडला होता. पण रेडियम आपली ऊर्जा स्वतःच्या गतीने सोडतो, तिला घाई करता येत नाही. १९३८ च्या अखेरीस विखंडन सापडल्यावर आणि १९४२ मध्ये शिकागोत पहिली भट्टी चालल्यावर चित्र पालटले. १९५३ मध्ये ओक रिज प्रयोगशाळेतील रॉबर्ट बुसार्ड यांनी एक तपशीलवार अहवाल लिहिला आणि १९५५ मध्ये लॉस अलामोस प्रयोगशाळेत ‘रोव्हर’ प्रकल्प सुरू झाला. त्या काळी अमेरिकी हवाई दलाला त्यातून लांब पल्ल्याचे क्षेपणास्त्र हवे होते. रासायनिक क्षेपणास्त्रे अपेक्षेपेक्षा लवकर जमली, तेव्हा हा प्रकल्प नव्याने स्थापन झालेल्या नासाच्या वाट्याला आला.

पहिल्या भट्टीमालिकेचे नाव किवी होते. किवी हा न उडणारा पक्षी, आणि या भट्ट्याही उडण्यासाठी नव्हत्याच. १ जुलै १९५९ रोजी नेवाडातील जॅकअॅस फ्लॅट्स येथे किवी-ए सुमारे ७० मेगावॉटवर पाच मिनिटे चालली. भट्टी रेल्वेच्या डब्यावर बसवून जोडणीच्या इमारतीतून चाचणीच्या जागी नेली जाई. तिचे तोंड आकाशाकडे असे आणि तप्त हायड्रोजनचा झोत वर जाई. चाचणीनंतर ती इतकी किरणोत्सर्गी होई की माणसाने जवळ जाण्याचा प्रश्नच नसे, म्हणून तोच डबा दूरनियंत्रणाने मागे ओढून नेऊन, जाड काचेआडून यांत्रिक हातांनी तिचे एकेक अंग सुटे करून तपासत.

या मालिकेतल्या पुढच्या भट्ट्यांच्या इंधनाची कांडी जरा जवळून पाहू, कारण सगळे नाट्य तिथेच घडले. ग्रॅफाइटची षटकोनी कांडी, लांबी सुमारे १३२ सेंटिमीटर, रुंदी १९ मिलिमीटर, आणि तिच्यात आरपार एकोणीस बारीक भोके. ग्रॅफाइटमध्ये युरेनियमचे लेपित बारीक कण मिसळलेले. अशा शेकडो कांड्या एकमेकींना चिकटवून उभ्या केल्या की गाभा तयार होई. एका टोकाने थंडगार हायड्रोजन त्या भोकांत शिरे आणि तेवढे अंतर पार करून दुसऱ्या टोकाने बाहेर पडेपर्यंत दोन हजार केल्विनच्या पलीकडे तापलेला असे. गाभ्याभोवती बेरिलियमचे परावर्तक कडे असे, आणि त्यात उभे फिरणारे दंडगोल. प्रत्येक दंडगोलाच्या एका अंगाला न्यूट्रॉन गिळणाऱ्या बोरॉनचा पत्रा लावलेला असे. तो पत्रा गाभ्याकडे वळवला की साखळी प्रक्रिया मंदावते, पाठमोरा केला की वाढते. वीज देणाऱ्या भट्टीत नियंत्रक कांड्या वरून आत-बाहेर करतात. येथे गाभ्यात एक बोटभर जागाही वाया घालवणे परवडणारे नव्हते, म्हणून नियंत्रण बाहेरच्या कड्यात ठेवले. मला ही रचना आजही अत्यंत देखणी वाटते.

मात्र ग्रॅफाइटचे आणि हायड्रोजनचे जमत नाही. ग्रॅफाइट तापमानाला कमालीचे टिकते, पण तप्त हायड्रोजन त्यातला कार्बन उचलून हायड्रोकार्बन वायू बनवतो आणि सोबत घेऊन जातो. कांडी आतून झिजत जाते. यावर उपाय म्हणून भोकांच्या आतल्या बाजूला नायोबियम कार्बाइडचा, पुढे झिर्कोनियम कार्बाइडचा लेप देण्यात आला. लेप आणि ग्रॅफाइट तापल्यावर सारख्या प्रमाणात प्रसरण पावत नाहीत, म्हणून लेपाला तडे जात. सर्वांत जास्त झीज कांडीच्या सर्वांत तप्त टोकाला होत नसे, ती मधल्या भागात होई. ही गोष्ट पहिल्यांदा वाचली तेव्हा मला तिचा उलगडा होण्यास वेळ लागला होता. लेप अतिशय उच्च तापमानाला चढवला जात असे. कांडीचे तप्त टोक चालताना पुन्हा त्या तापमानाच्या जवळ पोहोचे, तेव्हा तडे मिटत. मधला भाग तेवढा तापत नसल्याने तिथले तडे उघडेच राहत आणि हायड्रोजन त्यांतून आत शिरून ग्रॅफाइट खाई. असा दोष कागदावरच्या गणितात सहसा सापडत नाही. कांडी चालवून, कापून, भिंगाखाली धरूनच तो कळतो.

दुसरा मोठा धडा ३० नोव्हेंबर १९६२ रोजी मिळाला. किवी-बी४ए ही द्रव हायड्रोजनवर चालणारी भट्टी हळूहळू पूर्ण शक्तीकडे नेली जात होती. वाटेतच झोतात ठिणग्यांसारखे चमकणारे तुकडे दिसू लागले. ते इंधनाच्या कांड्यांचे तुकडे होते. त्यांची संख्या वाढत गेली, तेव्हा चाचणी थांबवावी लागली. आत बहुतेक कांड्या मोडलेल्या आढळल्या. त्यानंतर आठच दिवसांनी, ८ डिसेंबरला, अध्यक्ष केनेडी जॅकअॅस फ्लॅट्सला भेट देऊन गेले. २५ मे १९६१ च्या ज्या भाषणात त्यांनी चंद्राचे उद्दिष्ट जाहीर केले, त्याच भाषणात पुढची मागणी रोव्हरसाठी वाढीव निधीची होती, हे फार थोड्यांच्या लक्षात आहे.

कार्यक्रमाचे प्रमुख हॅरल्ड फिंगर यांनी त्या वेळी घेतलेला निर्णय मला अनुकरणीय वाटतो. दोषाचे मूळ कळेपर्यंत पुढची तप्त चाचणी होणार नाही, असे त्यांनी ठरवले. त्यानंतर विखंडन न करताच, थंड वायू गाभ्यातून वेगाने सोडून पाहिले गेले, आणि नुसत्या प्रवाहानेच कांड्या थरथरून मोडतात हे उघड झाले. म्हणजे दोष अणूचा नव्हताच, गाभा घट्ट न धरण्याचा होता. आम्हा उष्णता-वहनाच्या लोकांना प्रवाहजन्य कंपन हा जुना वैरी आहे. बाष्पजनित्राच्या नळ्यांपासून इंधनाच्या गुच्छांपर्यंत तो सगळीकडे भेटतो. गाभ्याचा आधार बदलला आणि ऑगस्ट १९६४ मध्ये किवी-बी४ई ९०० मेगावॉटच्या वर आठ मिनिटे निर्धोक चालली. पुढच्या महिन्यात तीच भट्टी पुन्हा सुरू करून दाखवली गेली.

त्यानंतरची पाच वर्षे या विषयाचा सुवर्णकाळ होती. जून १९६५ मध्ये फीबस-१ए ही किवीनंतरची भट्टी ठरल्याप्रमाणे दहा मिनिटे चालल्यावर तिच्या टाकीतला द्रव हायड्रोजन संपला, कारण टाकीची पातळी दाखवणारे उपकरण किरणोत्सर्गाने चुकीचे दाखवत होते. थंडावा गेला आणि गाभा बिघडला. एवढा अपघात सोडला तर आलेख चढताच राहिला. १९६६ मध्ये इंजिनाने बाहेरच्या मदतीवाचून स्वतःला सुरू करून घेतले. टाकीच्या दाबाने थोडा हायड्रोजन आत येतो, गाभ्याच्या उबेने तापतो, पंपाचे चक्र फिरवतो, पंप आणखी हायड्रोजन ओढतो. शिवाय हायड्रोजन न्यूट्रॉनांना मंद करत असल्याने त्याच्या येण्यानेच साखळी प्रक्रियेला जोर चढतो. प्रवाह आणि विखंडन असे एकमेकांना हात देत वर चढतात, तेव्हा त्यांना लगाम घालणारी यंत्रणा किती नेमकी असावी लागते, याची कल्पना भट्टीच्या नियंत्रणकक्षात बसलेल्या कोणालाही येईल.

डिसेंबर १९६७ मध्ये एनआरएक्स-ए६ भट्टी सुमारे १,१०० मेगावॉटवर सलग ६२ मिनिटे चालली. जून १९६८ मध्ये फीबस-२ए ने ४,०८२ मेगावॉट गाठले. दुसऱ्याच वर्षी आपल्या तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्या वीज देऊ लागल्या. त्या दोन्ही मिळून पूर्ण क्षमतेवर जेवढी उष्णता निर्माण करतात, तिच्या सुमारे तिप्पट उष्णता माणसाच्या उंचीएवढाही नसलेला हा गाभा बारा मिनिटे ओतत होता. १९६८ मध्येच प्युई या लहान भट्टीने हायड्रोजनचे तापमान २,५५० केल्विनपर्यंत नेले. १९६९ मध्ये एक्सई-प्राइम हे जवळजवळ संपूर्ण इंजिन, तोंड खाली करून, २८ वेळा सुरू करण्यात आले. असे इंजिन उड्डाणाला तयार होते, असे मी म्हणणार नाही. कांड्यांची झीज पूर्ण थांबली नव्हती, आणि परतीच्या प्रवासाला लागणारे आयुष्य त्यांना मिळायचे होते. परंतु जे उरले होते ते चिकाटीने सुटणारे काम होते, मूलभूत अडथळा नव्हता.

मग ते थांबले का? ४ ऑगस्ट १९६९ रोजी, माणूस चंद्रावर उतरून दोन आठवडेच झाले असताना, रॉकेटतज्ज्ञ वेर्नर फॉन ब्राउन यांनी मंगळमोहिमेचा आराखडा सादर केला. प्रत्येकी सहा अंतराळवीर असलेली दोन याने, अणुइंजिनांचे टप्पे, आणि निघण्याची तारीख १२ नोव्हेंबर १९८१. पण अवजड सॅटर्न-५ रॉकेटांचे उत्पादन पंधरावर थांबवण्याचे आधीच ठरले होते, व्हिएतनाम युद्धाचा खर्च वाढत होता, चंद्राची शर्यत जिंकल्यावर अमेरिकी काँग्रेसचा उत्साह ओसरला होता. १९७२ च्या जानेवारीत निक्सन यांनी पृथ्वीच्या कक्षेपुरत्या शटलला मंजुरी दिली. पृथ्वीच्या कक्षेत ये-जा करणाऱ्याला अणुइंजिन लागत नाही. १९७३ च्या जानेवारीत, सुमारे १४० कोटी डॉलर खर्चून झाल्यावर, रोव्हरचा पडदा पडला. त्याआधी उड्डाणचाचणीची जी योजना होती, ती तर डिसेंबर १९६३ मध्येच रद्द झाली होती. माझ्या मते खरा घाव तो होता. एकदा उडून दाखवलेली वस्तू मोडीत काढणे राजकारण्यांना जड जाते, जमिनीवरच राहिलेली वस्तू सहज काढता येते.

आता ओरायनकडे वळतो. भट्टीची भिंत वितळते हीच अडचण असेल, तर भिंतच काढून टाकावी आणि स्फोट यानाच्या बाहेर होऊ द्यावा, असा विचार गणितज्ञ स्टॅनिस्लाव उलाम यांनी युद्धानंतर लगेच मांडला. १९५५ मध्ये त्यांनी कॉर्नेलियस एव्हरेट यांच्यासह त्यावर गुप्त अहवाल लिहिला. १९५८ मध्ये सॅन दिएगोच्या जनरल अॅटॉमिक कंपनीत टेड टेलर यांनी हे काम हाती घेतले आणि प्रिन्स्टनहून रजा काढून फ्रीमन डायसन त्यांना येऊन मिळाले. टेलर हे लहान अणुबॉम्बच्या रचनेतले असामान्य कसबी होते, डायसन पहिल्या प्रतीचे सैद्धांतिक भौतिकशास्त्रज्ञ. तेव्हा गांभीर्याबद्दल शंका घेण्यास जागा नाही. त्यांचे उद्दिष्ट १९७० पर्यंत शनीला जाण्याचे होते.

रचना अशी होती. यानाच्या मागे जाड धातूची प्रचंड तबकडी, तिच्या आणि यानाच्या मध्ये दुमजली धक्काशोषक. तबकडीच्या मधल्या भोकातून लहान बॉम्ब मागे सोडायचा, तो काही अंतरावर फोडायचा. त्याला जोडलेला पदार्थ वाफ होऊन तबकडीवर आदळतो आणि यान पुढे झेपावते. सेकंदाला सुमारे एक, अशा तालाने शेकडो बॉम्ब. तबकडी वितळत कशी नाही, हा कोणाच्याही मनात येणारा प्रश्न आहे. वाफ हजारो अंशांहून कितीतरी तप्त असते, परंतु तिचा तबकडीशी संबंध सेकंदाच्या अतिसूक्ष्म अंशापुरता येतो आणि तेवढ्या वेळात पृष्ठभागाचा पातळ थरच उडतो. दोन स्फोटांमध्ये तबकडीवर तेलाचा फवारा मारला तर तोही थर वाचतो. एका अणुचाचणीत ग्रॅफाइटचा लेप दिलेले पोलादी गोळे स्फोटाच्या अगदी जवळ टांगले होते आणि ते जवळजवळ अभंग सापडले होते, त्यामुळे या गणिताला प्रत्यक्षाचा आधार होता. उष्णता किती काळ लागते यावर तिचे नुकसान ठरते, हे निखाऱ्यावरून झटकन बोट फिरवलेल्या प्रत्येकाला माहीत असते.

नोव्हेंबर १९५९ मध्ये सॅन दिएगोजवळील पॉइंट लोमा येथे एक मीटर व्यासाचे प्रारूप साध्या रासायनिक स्फोटकांच्या सहा भारांवर लागोपाठच्या धक्क्यांनी सुमारे ५६ मीटर वर चढले आणि हवाई छत्रीने खाली उतरले. ओरायनची झेप प्रत्यक्षात तेवढ्यावरच थांबली. मोठ्या यानाचा आराखडा ४,००० टनांचा होता आणि तो जमिनीवरून उडवायचा होता, म्हणजे वातावरणातच बॉम्ब फुटणार. डायसन यांनी स्वतः हिशेब केला होता की प्रत्येक उड्डाणाच्या किरणोत्सर्गी धुळीमुळे जगात कोठे तरी एखाद्या माणसाचा मृत्यू ओढवू शकतो. ५ ऑगस्ट १९६३ रोजी मॉस्कोत झालेल्या कराराने वातावरणात, पाण्याखाली आणि अंतराळातही अणुस्फोटांना बंदी घातली. ओरायन त्यामुळे बेकायदा ठरले. आणि तरीही डायसन यांनी सिनेटपुढे त्या कराराच्या बाजूने साक्ष दिली. आपल्या आयुष्यातल्या सर्वांत लाडक्या कामापेक्षा आकाशातली किरणोत्सर्गी धूळ थांबणे त्यांना महत्त्वाचे वाटले. माझ्या मनात त्यांच्याविषयीचा आदर त्यांच्या समीकरणांइतकाच या साक्षीमुळे आहे. १९६५ मध्ये निधी संपून प्रकल्प बंद झाला.

सोव्हिएत संघाची वाट निराळी होती आणि अभियंता म्हणून मला ती अधिक शहाणी वाटते. पूर्ण भट्टी बांधून ती जाळून पाहण्याऐवजी त्यांनी आजच्या कझाकस्तानातील सेमिपालातिन्स्कच्या भट्ट्यांमध्ये इंधनाचा एकेक गुच्छ बसवून तो स्वतंत्रपणे तपासला. ग्रॅफाइटही त्यांनी टाळले. इंधन पीळ दिलेल्या कार्बाइडच्या बारीक पात्यांचे होते आणि न्यूट्रॉन मंद करणारे झिर्कोनियम हायड्राइड वेगळे, थंड ठेवलेले होते. व्होरोनेझमध्ये विकसित झालेल्या आरडी-०४१० इंजिनाचा रेटा साडेतीन टनांच्या आसपास होता आणि वायूचा अपेक्षित वेग सेकंदाला सुमारे ९ किलोमीटर, म्हणजे अमेरिकी इंजिनांहून थोडा सरस. भट्टी आणि इंजिनाचे इतर भाग वेगवेगळे तपासले गेले, पण ते एकत्र चालण्याआधी देशच विलयाला गेला.

भट्टीची उष्णता थेट वापरण्याऐवजी तिची वीज करून त्या विजेने आयन फेकायचे, हा तिसरा मार्ग. एर्न्स्ट श्टुलिंगर यांनी १९५०च्या दशकात त्याचा पुरस्कार केला. यात वायूचा वेग कितीतरी जास्त मिळतो, रेटा मात्र कागदाच्या वजनाएवढा. महिनोन् महिने चालवावे तेव्हा वेग साठतो. ३ एप्रिल १९६५ रोजी अमेरिकेने स्नॅप-१०ए ही भट्टी कक्षेत पाठवली. तिच्यावर सीझियमचे एक आयन इंजिन होते, ते तासाभराच्या आत बंद करावे लागले, आणि ४३ दिवसांनी विद्युतदाबाचे नियमन करणारा एक भाग बिघडून भट्टीही थांबली. अमेरिकेने अंतराळात पाठवलेली विखंडन भट्टी आजवर तेवढी एकच. सोव्हिएत संघाने रडार उपग्रहांवर तीसच्या वर भट्ट्या पाठवल्या. त्यांतला कॉसमॉस-९५४ जानेवारी १९७८ मध्ये कॅनडाच्या उत्तरेकडील बर्फाळ प्रदेशात कोसळला आणि किरणोत्सर्गी तुकडे शोधण्यास महिने लागले. ‘अवकाशात भट्टी’ म्हटले की लोकांच्या मनात जी धास्ती दाटते, तिचे मूळ बरेचसे तिथे आहे.

ही धास्ती पूर्ण अनाठायी नाही, पण तिची जागा चुकते. न चालवलेली भट्टी फारशी किरणोत्सर्गी नसते. समृद्ध, म्हणजे युरेनियम-२३५ चे प्रमाण वाढवलेले, युरेनियम हातमोजे घालून हाताळता येते. उड्डाणात रॉकेट कोसळले तर प्लुटोनियमच्या विद्युतस्रोतापेक्षा थंड भट्टी कमी घातक. चालू झाल्यावर मात्र विखंडनातून जन्मलेली द्रव्ये साठतात, म्हणून ती पृथ्वीपासून पुरेशा उंचीवर गेल्यावरच सुरू करायची आणि पुन्हा खाली येऊ द्यायची नाही, एवढा नियम कसोशीने पाळावा लागतो. प्रवाशांपुढचा प्रश्न आणखी एक आहे. भट्टी बंद केली तरी आतला ऱ्हास चालूच असतो, उष्णता निघतच राहते, आणि ती काढून नेण्यासाठी इंजिन थांबल्यावरही बराच वेळ हायड्रोजन सोडत राहावा लागतो. तो वाया जाणारा हायड्रोजन हिशेबात धरायला उत्साही लेखक विसरतात. अणुवीजकेंद्रात काम केलेला माणूस ते विसरू शकत नाही.

संलयनाच्या, म्हणजे हलकी अणुकेंद्रे जोडून ऊर्जा मिळवण्याच्या, कल्पनाही आहेत. १९७३ ते १९७८ या काळात ब्रिटिश इंटरप्लॅनेटरी सोसायटीने डीडॅलस यानाचा अभ्यास केला. त्यात ड्युटेरियम आणि हीलियम-३ च्या गोळ्या सेकंदाला २५० या दराने पेटवून, प्रकाशाच्या १२ टक्के वेगाने बर्नार्डच्या ताऱ्याजवळून जायचे होते. हीलियम-३ गुरूच्या वातावरणातून आणायचा होता. अभ्यास प्रामाणिक आणि काटेकोर आहे, पण जी ऊर्जा अजून पृथ्वीवर नीट हाती आलेली नाही तिच्यावर तो उभा आहे, म्हणून त्यावर अधिक लिहीत नाही.

अलीकडच्या काळात २०२३ मध्ये नासा आणि अमेरिकी संरक्षण संशोधन संस्था डार्पा यांनी ड्रेको हा प्रकल्प जाहीर केला. २०२७ मध्ये अणुइंजिन प्रत्यक्ष अंतराळात चालवून पाहायचे, असा तो बेत होता. इंधन वीस टक्क्यांपेक्षा कमी समृद्ध ठेवायचे होते, म्हणजे शस्त्रयोग्य द्रव्य टळते, पण गाभा जड होतो. पूर्वी वाळवंटात झोत खुशाल आकाशात सोडत. आज तो पकडून गाळावा लागेल, आणि तशी चाचणीची जागा उभारणे इंजिनाइतकेच महाग आहे. म्हणून जमिनीवरची पूर्ण चाचणी टाळून थेट कक्षेत जाण्याचा विचार होता. २०२५ मध्ये ड्रेकोही गुंडाळला गेला. एक कारण असे सांगितले गेले की कक्षेत वजन नेण्याचा खर्च झपाट्याने उतरल्याने इंधन वाचवणाऱ्या महागड्या इंजिनाचा आर्थिक हिशेब पूर्वीसारखा जुळत नाही. १९७३ चेच कारण नव्या रूपात पुढे आले, असे मला ते वाचताना वाटले.

इंधनाचे काम मात्र थांबलेले नाही. २०२५ च्या जानेवारीत जनरल अॅटॉमिक्सने, म्हणजे ज्या कंपनीत एके काळी ओरायनचे आराखडे निघत होते तिनेच, नासाच्या मार्शल केंद्रात केलेल्या चाचण्यांचे निष्कर्ष जाहीर केले. इंधनाचे नमुने विखंडनाने न तापवता विजेने तापवले, त्यांच्यावर तप्त हायड्रोजन सोडला, सहा वेळा २,६०० केल्विनपर्यंत नेऊन प्रत्येक वेळी वीस मिनिटे तिथे धरले, आणि मग हायड्रोजनने त्यांतले किती खाल्ले ते पाहिले.